नववीच्या वर्गात आदिवासी कथा आणि चित्रकादंबरी: काय घ्यावं, कसं घ्यावं?

खडूफळा

नमस्कार मंडळी. डहाणू तालुक्यातली मराठी माध्यमाची शाळा, इयत्ता नववी, पट ४८. निम्म्याहून जास्त मुलं वारली, काही मल्हार कोळी, सात-आठ कातकरी, बाकीची बाजारपेठेतली. दिवाळीनंतर ३५ मिनिटांच्या सहा तासिका मोकळ्या मिळणार आहेत. त्यात आदिवासी कथा आणि चित्रकादंबरी एकत्र शिकवायचा विचार आहे.

आराखडा असा: पहिल्या दोन तासिका 'भीमायन'मधली पानं, आदिवासी चित्रकादंबरी म्हणून. मग प्रत्येकाने घरून एक गोष्ट आणायची, तिची सहा चौकटींची चित्रकथा करायची. निवडक चित्रकथा स्नेहसंमेलनात लावायच्या आणि भोवती मुलींकडून वारली चौक काढून घ्यायचा. गुण अंतर्गत मूल्यमापनात धरायचे.

कुणाला ओशाळल्यासारखं होऊ नये आणि कुणाची चेष्टाही होऊ नये, एवढं सांभाळायचं आहे. यात कुठे अडेल? जाणकारांनी स्पष्ट सांगावं, गोड बोलू नये.

घांगळी

स्पष्टच सांगायचं तर सर्वांत आधी चौक काढून टाका. वारल्यांच्या घरी लग्नात सवाशिणी भिंतीवर चौक लिहितात, त्यात पालघट देवी बसते, धवलेरी, म्हणजे लग्नविधीची गाणी म्हणणारी बाई, गाते. तो लग्नविधीचाच भाग आहे. संमेलनाच्या फ्लेक्सभोवतीची महिरप म्हणून तो आला की घरून आलेल्या आयांना काय वाटेल ते वेगळं सांगायला नको. शेतीची कामं, मासेमारी, झाडं, तारपा नाच ही चित्रं कागदावर आणि कापडावर सर्रास होतात. गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी १९७० च्या दशकापासून ती वाट मोठी केली. तीसुद्धा 'सगळ्यांनी दोन त्रिकोण काढा, झाला वारली माणूस' अशी शिकवू नका. बाजारपेठेतल्या मुलांनी पेनस्टँडवर त्रिकोण काढायचे आणि वारली मुलांनी ते बघत बसायचं, हे कलाकार्यशाळांत फार होतं.

दुसरं, वेळ. दिवाळीनंतर कातकरी कुटुंबं वीटभट्ट्यांवर जायला लागतात आणि पावसाळ्याच्या तोंडावर परततात. तुमची सात-आठ मुलं नेमकी त्याच दिवसांत वर्गात नसतील आणि त्यांच्याविषयी बोलणारे बाकीचे तेवढे असतील. सहाही तासिका पहिल्या सत्रात, घटक चाचणी झाल्यावर सप्टेंबरात घ्या.

तिसरं, कोणती गोष्ट. सगळ्या गोष्टी सगळ्यांनी सगळ्या वेळी सांगायच्या नसतात. कणसरीची, म्हणजे धान्यदेवीची कथा भगत (पाड्यावरचा देवऋषी) घांगळी या तंतुवाद्यावर गातो, आणि ती पीक हाती आल्यावरची आहे. तिचं दहा ओळींत गद्य करून 'अन्नाचा मान राखा' असं तात्पर्य लावलं की हातात काही उरत नाही. शाळेसाठी चालणाऱ्या गोष्टी भरपूर आहेत: प्राण्यांच्या, चतुर सुनेच्या, गावाच्या नावाच्या, अमुक डोंगरावर वाघोबाचं ठाणं का आहे त्याच्या. सांगणाऱ्या माणसाला थेट विचारा, 'ही शाळेत सांगितली तर चालेल का? कागदावर उतरवली तर? भिंतीवर लावली तर?' तीन वेगळे प्रश्न आहेत आणि तिन्हींची उत्तरं वेगळी येऊ शकतात.

आणि वर्गात 'आदिवासी मुलं' असा एक गठ्ठा धरू नका. कातकरी ही केंद्राच्या यादीतली आदिम जमात. वारली आणि कोळी मुलंही त्यांना खाण्यावरून चिडवतात. उंदीर, खेकडे असलेली गोष्ट निघाली की पहिलं हसू कुठून येतं ते बघा, ते बहुतेक वेळा बाजारपेठेच्या बाकांवरून येत नाही.

रेघ_आणि_ठिपका

वरच्या प्रतिसादाला +१. मी फक्त चित्रकादंबरीच्या बाजूने लिहिते.

'भीमायन' जरूर घ्या, पण 'आदिवासी कथा' म्हणून नको. ती डॉ. आंबेडकरांच्या आयुष्याची, अस्पृश्यतेची गोष्ट आहे. २०११ साली आलेल्या त्या पुस्तकाची चित्रं दुर्गाबाई आणि सुभाष व्याम या परधान गोंड चित्रकारांची आहेत. गोष्ट एका समाजाची, चित्रभाषा दुसऱ्या समाजाची, आणि दोघांनी एकमेकांकडे कसं पाहिलं हेच त्यातलं शिकवण्याजोगं आहे. दोन्ही एकत्र कालवलं की वर्गातल्या बौद्ध मुलांनाही खटकेल आणि वारली मुलांनाही. आणखी एक घोळ नेहमी होतो: ही चित्रं मध्य प्रदेशातल्या दिंडोरी जिल्ह्यातल्या पाटणगढच्या परंपरेतली आहेत, गडचिरोलीच्या माडियांची नव्हेत. नकाशावर बोट ठेवून दाखवा.

सुरुवात मात्र या पुस्तकाने करू नका. भज्जू श्याम यांचं 'द लंडन जंगल बुक' (२००४) आधी घ्या. लंडनमधल्या एका हॉटेलच्या भिंती रंगवायला गेलेल्या परधान गोंड चित्रकाराने ते शहर रंगवलंय. ३० नंबरची बस इमानी कुत्रा होते, बिग बेनच्या घड्याळात कोंबडा बसतो, भुयारी रेल्वे म्हणजे गांडूळ. इथे बघणारा आदिवासी आहे आणि बघितला जाणारा गोरा साहेब. एरवी पाठ्यपुस्तकात नेमकं उलट असतं, त्यामुळे पहिल्याच तासिकेला वर्गाची बसण्याची पद्धत बदलते.

पहिली तासिका. चार मुलांत एक पान. ४८ मुलं म्हणजे १२ गट. पाच पानं घेतलीत तर ६० प्रती. पहिली पाच मिनिटं कुणी बोलायचं नाही, फक्त बघायचं. मग तीनच प्रश्न, याच क्रमाने: काय दिसतंय? कशावरून? चित्रकाराने हाच प्राणी का घेतला असेल? 'याचा अर्थ काय' हा प्रश्न विचारलात की हुशार चार हात वर होतात आणि बाकीचे पान खाली ठेवतात. शेवटची दहा मिनिटं आपला एसटी स्टँड, रेशन दुकान किंवा शाळेचं गेट कोणता प्राणी आहे ते प्रत्येकाने काढायचं. अट एकच: गोंड चित्रांतली ठिपक्या-रेघांची भरण उचलायची नाही. प्रत्येक चित्रकाराची भरण ही त्याची सही असते. आपली रेघ आपण शोधायची.

दुसरी आणि तिसरी. 'भीमायन'मधला पाण्याचा भाग, शाळेत लहान भीमाला शिपाई पाणी नाकारतो तो. यात नेहमीच्या चौकोनी चौकटी नाहीत. गोंड घरांच्या अंगणात आणि भिंतीवर काढतात त्या डिग्ना नक्षीच्या वळणदार पट्ट्या पानाचे भाग पाडतात. बोलण्याचे फुगे बघायला लावा: सोसणाऱ्यांचं साधं बोलणं पक्ष्याच्या आकारात, विखारी बोलणं विंचवाच्या नांगीचं, आणि मनातल्या विचाराला डोळा. हे आधी सांगू नका. दोन पानांवरचे फुगे मोजायला सांगा, आठ-दहा मिनिटांत कुणीतरी नांगी शोधतंच. आगगाडी साप झालीय, आणि महाडच्या सभेत ध्वनिक्षेपकांतून पाणी शिंपडलं जातंय. मार्च १९२७ च्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहाविषयी मुलांनी इतिहासात वाचलेलं असतंच, तिथे जोडून घ्या.

सांभाळायचं ते असं. नांगीच्या फुग्यांतली वाक्यं मुलांकडून मोठ्याने वाचून घ्यायची नाहीत आणि भूमिका वाटून द्यायच्या नाहीत. 'तू शिपाई हो, तू भीम हो' म्हणालात की मधल्या सुट्टीत तेच वाक्य मैदानावर ऐकू येतं. ती पानं आधी मनात वाचू द्या, मग शिक्षकाने सपाट आवाजात वाचावीत. पुस्तकाच्या सुरुवातीला बसथांब्यावरचा आरक्षणावरचा संवाद आहे, तो पहिल्या दिवशी काढू नका. दाखल्याचा, फीचा, 'यांना सगळं फुकट' हा वाद सुरू झाला की तासिका गेली. तो वेगळ्या दिवशी, तयारीने.

मजकूर इंग्रजीत असला तर मराठी ओळी चित्राखाली वेगळ्या चिठ्ठीवर द्या, फुग्यावर कागद डकवू नका. फुग्याचा आकारच वाचायचाय. आणि एका ए-फोरवर दोन पानं बसवून झेरॉक्स काढू नका, बारीक भरण काळी पडते. एक पान एका कागदावर, मशीनवर एक घर फिकं.

किनाऱ्यावरून

कॅनडात ब्रिटिश कोलंबियामध्ये शिकवतो, म्हणून इथल्या पद्धतीची थोडी भर घालतो. इथे २०२३-२४ पासून शालान्त पदवीसाठी आदिवासी विषयांवरचे चार श्रेयांक सक्तीचे आहेत, आणि दहावी ते बारावीला 'इंग्लिश फर्स्ट पीपल्स' हा भाषेचा वेगळा अभ्यासक्रम घेता येतो. पुस्तक निवडताना पहिली चाळणी असते ती निर्मितीत त्या समाजाच्या माणसांचा खरा हात आहे का याची. 'त्यांच्याविषयी' आहे एवढ्यावर भागत नाही.

घांगळी म्हणतात ती परवानगी इथे फार कडक आहे. वायव्य किनाऱ्यावरच्या अनेक आदिवासी राष्ट्रांत (जमातींना इथे राष्ट्र म्हणतात) गोष्ट ही कुळाची मालमत्ता असते आणि सांगण्याचा हक्क ठरावीक माणसालाच. पूर्वेकडच्या अनिशिनाबे लोकांत नानाबुश या खोडकर कथानायकाच्या गोष्टी बर्फ असेपर्यंतच सांगायच्या. एप्रिलमध्ये त्या घेऊन बसलेला शिक्षक चुकलाच.

मायकल निकोल याहगुलानास यांची 'रेड' (२००९) ही हायडा (त्याच किनाऱ्यावरचं एक राष्ट्र) चित्रकादंबरी तुमच्या कामाची आहे. तिच्या चौकटींच्या जाड काळ्या रेघा म्हणजेच हायडा रूपरेषा, आणि सगळी पानं सोडवून शेजारी-शेजारी लावली की एकच मोठं चित्र उभं राहतं. म्हणूनच म्हणतो, सहा चौकटींची सक्ती करू नका. वारली चित्रातही चौकट नसते. तोच माणूस एकाच कागदावर शेतात, वाटेवर आणि घरी दिसू शकतो. ज्याला तसं काढायचंय त्याला काढू द्या.

एक नियम मात्र तसाच उचला. क्लेशदायक पान असलं की आदल्या दिवशी वर्गाला सांगायचं, आणि ज्याला बाहेर जायचंय त्याने कारण न सांगता जायचं. आदिवासी मुलांना घरापासून तोडून ठेवणाऱ्या निवासी शाळांच्या गोष्टी शिकवताना हे इथे गृहीतच धरलेलं असतं, कारण ज्यांच्या आजी-आजोबांना त्या शाळांत नेलं ती मुलं वर्गात बसलेली असतात. नाटुकली, 'तुम्हीच ते मूल आहात अशी कल्पना करा' असले निबंध, आणि प्रत्येकाने आपला टोटेम खांब (कुळाची चिन्हं कोरलेला खांब) बनवण्याचे हस्तकलेचे तास, या तिन्हींना स्पष्ट नाही.

खडूफळा

सर्वांचे आभार. चौक रद्द, तासिका सप्टेंबरात. आता अडचणी अशा. एक, गोष्टीत भगत, भूत, चेडा (भुताचाच एक प्रकार) येणारच. विज्ञान मंडळाचे सर म्हणतात अंधश्रद्धा शाळेत नको. दोन, मुख्याध्यापकांना प्रत्येक गोष्टीखाली तात्पर्य हवंय. तीन, गोष्ट आणलीच नाही तर गुण कसे द्यायचे? आणि एखाद्या आजीला किंवा आजोबांना वर्गात बोलवायचं झालं तर रीत काय?

जुनी_तासिका

भगताच्या बाबतीत माझं मत वरच्या मंडळींपेक्षा थोडं वेगळं पडेल. नववीतलं मूल साप चावल्यावर कुठे नेतात हे घरी बघत असतं. महाराष्ट्रात २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा आहे, आणि साप चावल्यावर दवाखान्यात जाण्यापासून अडवणं त्यात गुन्हा आहे. हे शिक्षकाने टाळलं तर 'संस्कृती' या नावाखाली एक धोकादायक गोष्ट झाकली जाते. फक्त जागा बदला: गोष्टीच्या तासिकेला नाही, विज्ञानाच्या तासिकेला, आणि तिथे सगळ्या समाजांची उदाहरणं घेऊन. बाजारपेठेतला दृष्ट काढणारा, लिंबू-मिरची टांगणारा दुकानदारही त्यात आला पाहिजे. नुसता भगत आला तर तो धडा अंधश्रद्धेचा राहत नाही, जातीचा होतो.

तात्पर्याचं सोपं आहे. मुख्याध्यापकांना तात्पर्याऐवजी 'गोष्टीने उभे केलेले दोन प्रश्न' द्या, टाचणवहीत तेवढंच दिसतं. एकलव्याच्या गोष्टीखाली आपण पिढ्यान्‌पिढ्या 'गुरुभक्ती' लिहीत आलो. भिल्ल मुलाच्या बाजूने ती वाचली तर अंगठा कुणी का मागितला हा प्रश्न आधी येतो. हे उदाहरण शिक्षकांच्या बैठकीत ठेवा, चर्चा लवकर संपते.

गुण: अंतर्गत मूल्यमापनाच्या २० गुणांत बसवणार असाल तर 'घरून आणलेली गोष्ट' याला एकही गुण ठेवू नका. निरीक्षणाच्या नोंदी, चित्रातला क्रम, फुग्यांतली भाषा, आणि श्रेय नीट लिहिलंय का, यालाच गुण. गोष्ट तीन ठिकाणांहून घेता यावी: घरची, वर्गात पाहुण्यांनी सांगितलेली, किंवा शिक्षकाने दिलेली छापील. कातकरी मुलाने छापील घेतली तर कारण विचारायचं नाही. 'तुमच्यात काय करतात ते सांग' हा प्रश्न वर्गासमोर कुणालाही विचारायचा नाही, ही अट शिक्षकाने स्वतःला घालून घ्यायची.

घांगळी

जुनी तासिका, विज्ञानाच्या तासिकेचं पटलं. पण गोष्टीच्या तासिकेला एक वाक्य तरी लागेल, नाहीतर विज्ञान मंडळाचे सर मधेच उठतात. 'या गोष्टीत भगत गातो, आठवण ठेवतो, पावसात कधी पेरायचं ते सांगतो. औषधाचं काय ते आपण विज्ञानात बघू.' एवढं पुरे.

पाहुण्यांची रीत. मुलाकरवी निरोप धाडू नका, स्वतः पाड्यावर जा, आणि एकदा जाऊन होत नाही. पहिल्या फेरीत फक्त ओळख. तारीख त्यांनी ठरवायची, कारण भातलावणी किंवा कापणीच्या दिवशी ते येणार नाहीत. रोज बुडतो, म्हणून मानधन त्याच दिवशी रोख द्या, शाळा इतर व्याख्यात्याला देते त्यापेक्षा कमी नको; शाल-श्रीफळ देऊन बोळवण करू नका. त्यांना आणायला-पोचवायला वाहन. टेबलामागे खुर्चीवर बसवून माईक हातात दिला की माणूस आक्रसतो; सतरंजीवर गोल बसा, शिक्षकही खालीच. सोबत त्यांच्या ओळखीचं एक माणूस येऊ द्या.

बोली तशीच राहू द्या. मधे मधे 'म्हणजे, मुलांनो' करून प्रमाण मराठीत सांगत सुटायचं नाही. बाजारपेठेच्या मुलांना दहा टक्के कळलं नाही तर त्यांनी शेजारच्या बाकाला विचारावं. तिथे पहिल्यांदा वारली मुलाला काहीतरी सांगायचं असतं आणि ते त्याला येत असतं. चित्रकथेच्या फुग्यांतही तेच. लाल पेनाने 'शुद्ध' करू नका.

एक गोष्ट आधीच ठरवा. सृष्टीच्या आणि जलप्रलयाच्या बऱ्याच आदिवासी कथांत प्रलयातून वाचलेले बहीण-भाऊच पुढे जोडपं होतात. मोह, ताडी येते. नववीच्या वर्गात खसखस पिकेल आणि पाहुण्या आजी गप्प होतील. अशी कथा गुपचूप सोवळी करून सांगू नका, दुसरी निवडा. निवडायचीच असेल तर अशा कथा जगभर आहेत हे आदल्या दिवशी सांगून ठेवा.

वाहरू सोनवणे यांची 'स्टेज' ही कविता पहिल्या किंवा शेवटच्या तासिकेला ठेवा. व्यासपीठावर बसून दुसरेच आपलं दुःख आपल्याला सांगत राहतात, असा तिचा आशय. कवी स्वतः भिल्ल. स्नेहसंमेलनात पानं गुंडाळून 'आदिवासी नृत्य' बसवायचा आग्रह दरवर्षी होतो. ही कविता वर्गात झालेली असली की मुलंच नकार देतात.

रेघ_आणि_ठिपका

चित्रकथेचा कागद असा करा. ए-फोर तीनदा दुमडला की आठ घरं होतात. पहिलं घर श्रेयाचं: गोष्ट कुणी सांगितली, पाडा, बोली, कुणी काढली. सात घरं गोष्टीला. चौकट नको असेल त्याने कागद न दुमडता वापरावा, पण श्रेयाचा कोपरा त्यालाही सक्तीचा. एका फुग्यात बारा-पंधरा शब्दांपेक्षा जास्त नको, नाहीतर मुलं सगळी गोष्ट फुग्यात लिहून खाली दोन माणसं उभी करतात. आधी शिसपेन्सिलीने कच्चं, त्यावर बोलणं, मग काळं जेल पेन. दोन तासिकांत रंग होत नाहीत, तो नाद सोडा.

कच्च्या चित्रांवर फेरी मारताना तीन गोष्टी हुडका: हातात भाला, कमरेला पानं, आणि 'फार पूर्वी आदिवासी राहत होते' हे वाक्य. ही तिन्ही सिनेमातून येतात आणि वारली मुलंही ती काढतात. रागावू नका. 'तुझे काका काय घालतात? मोबाईल कुठला वापरतात?' एवढं हळूच, त्याच्या बाकापाशी विचारा.

लावणं आणि पसरवणं हे वेगळे विषय आहेत. शाळेच्या भिंतीवर लावायला मुलाचं आणि सांगणाऱ्याचं होय लागेल. शाळेच्या व्हॉट्सॲप गटावर, फेसबुकवर टाकायला पालकांची लेखी संमती वेगळी घ्या, आणि पाहुण्यांचा व्हिडिओ त्यांनी 'चालेल' म्हटल्याशिवाय कुणाच्याच फोनमध्ये नको. संमतीची चिठ्ठी दोन-तीन ओळींची, मोठ्या अक्षरांत. ज्यांना वाचता येत नाही त्यांना पाड्यावर जाऊन वाचून दाखवायची. 'नाही' हा रकाना 'होय'इतकाच मोठा ठेवा. पुस्तकातल्या पानांच्या वर्गापुरत्या प्रती कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये बसतात, पण त्यांची पीडीएफ करून गटावर टाकणं बसत नाही.

खडूफळा

चिठ्ठीचा मजकूर करतो आणि इथेच टाकतो. एक शंका राहिली: संमेलनात चित्रकथा लावल्यावर बक्षीस द्यायचं का? सरपंच दरवर्षी देतात.

जुनी_तासिका

बक्षीस नको. पहिला नंबर कुणाच्या तरी आजीच्या गोष्टीला आणि उत्तेजनार्थ दुसऱ्या कुणाच्या आजीच्या गोष्टीला, असं होतं ते. सरपंचांना म्हणावं, त्याच पैशात ४८ चित्रकथांच्या प्रत्येकी दोन प्रती झेरॉक्स काढून द्या: एक मुलाला, एक गोष्ट सांगणाऱ्याला. पुस्तक बांधायचं झालं तर तिसरी प्रत शाळेच्या ग्रंथालयात, आणि ग्रंथालयाच्या नोंदवहीत लेखकाच्या रकान्यात सांगणाऱ्यांची नावं, शाळेचं नाही.